शेतातून जाणारी उच्चदाब वीजवाहिनी : जमीनधारकाचे कायदेशीर हक्क

शेतात मनोरा उभारण्याची नोटीस आली, की शेतकऱ्याचा पहिला प्रश्न असतो : आमची संमती नसताना हे काम होऊ शकते का? बहुतेक मोठ्या वाहिन्यांच्या बाबतीत, होऊ शकते. वीज कायदा, 2003 च्या कलम 164 नुसार शासन पारेषण कंपनीला टेलिग्राफ कायदा, 1885 मधील अधिकार देऊ शकते. ते मिळाले, की मालकाची पूर्वसंमती लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या 2016 च्या निकालात सांगितले. नव्या दूरसंचार कायद्यानेही पारेषण वाहिन्यांपुरत्या या तरतुदी चालू ठेवल्या आहेत.

त्यामुळे केवळ 'संमती घेतली नाही' म्हणून उच्च न्यायालयात स्थगिती मागण्यात बहुधा पैसा आणि हंगाम दोन्ही जातात. आधी कंपनीकडे कलम 164 चा आदेश लेखी मागावा. आदेश नसेल, तर बाजू शेतकऱ्याची भक्कम असते : 2006 च्या नियमांनुसार मालकाची संमती किंवा जिल्हा दंडाधिकाऱ्यांची (पोलीस आयुक्तालय असेल तेथे आयुक्तांची) लेखी परवानगी लागते. मार्ग थोडा सरकवण्याची मागणी पायाचे खड्डे खोदण्यापूर्वीच करावी. जिल्हा दंडाधिकाऱ्यांचा आदेश झाल्यावर काम अडवणे हा गुन्हा ठरतो.

खरी लढाई मोबदल्याची आहे. जमीन संपादित होत नाही, 7/12 वर नाव तुमचेच राहते. कंपनीला फक्त वापराचा हक्क मिळतो. मात्र झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई देणे कलम 10 नुसार बंधनकारक आहे. रक्कम अपुरी वाटल्यास कलम 16(3) खाली जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करता येतो. केरळच्या लिविशा प्रकरणात (2007) सर्वोच्च न्यायालयाने जमिनीचे स्थान, तारांचे अंतर आणि जमिनीची घटलेली किंमत विचारात घ्यायला सांगितली. फळबागायतदारांनी हा मुद्दा सोडू नये : 220 केव्ही वाहिनीखाली साधारण 35 मीटर पट्ट्यात आंबा, नारळासारखी उंच झाडे पुन्हा घेता येत नाहीत.

केंद्राच्या जून 2024 च्या मार्गदर्शक सूचनांत मनोऱ्याखालील जागेसाठी जमीनमूल्याच्या 200 टक्के आणि तारांखालील पट्ट्यासाठी 30 टक्के दर सुचवला आहे. तो 66 केव्ही व त्यावरील वाहिन्यांना लागू होतो. गावातल्या 11 केव्हीच्या खांबांना नाही. प्रत्यक्ष दर राज्याच्या शासन निर्णयावर ठरतो, म्हणून चालू निर्णयाची प्रत जिल्हाधिकारी कार्यालयातून घ्यावी.

पुरावा मात्र तोडणीपूर्वीच तयार हवा. ई-पीक पाहणीत पीक आणि झाडांची संख्या नोंदवलेली असावी, पंचनाम्यात झाडांचे वय व विहीर, पाइपलाइन यांची नोंद करून घ्यावी, कोऱ्या संमतीपत्रावर सही करू नये. धनादेश घेताना पावतीवर 'हरकत राखून स्वीकारले' असे लिहावे. सामाईक खात्यात वाटणीचा वाद असेल, तर कंपनी रक्कम जिल्हा न्यायालयात जमा करू शकते आणि वाटा तेथे ठरतो.