सॅम हफच्या अंगावरचा माईक

आमचा क्लायंट अमेरिकेतला. सोमवारच्या कॉलची पहिली पाच मिनिटं हमखास त्यांच्या फुटबॉलवर जातात. आपण किती दिवस नुसतं हसून मान हलवणार, म्हणून एका रात्री यूट्यूबवर १९६० ची एक डॉक्युमेंटरी लावली आणि इयरफोनमध्ये जो धडका बसल्याचा आवाज आला, त्याने दचकलोच.

नाव होतं ‘द व्हायलंट वर्ल्ड ऑफ सॅम हफ’. सीबीएस वाहिनीने न्यूयॉर्क जायंट्सच्या या लाइनबॅकरच्या अंगावर माईक लावून त्याला मैदानात सोडलं होतं. निवेदक वॉल्टर क्रॉन्काइट.

लाइनबॅकर म्हणजे बचावाच्या पुढच्या फळीमागे उभा राहणारा गडी. समोरच्यांचा डाव ओळखायचा आणि चेंडू घेऊन येणाऱ्याला आडवं करायचं, हे त्याचं काम. हफ १९५६ मध्ये जायंट्सकडे आला, तेव्हा तिथल्या बचावाची आखणी टॉम लँड्रीकडे होती. हा माणूस चक्क इंडस्ट्रियल इंजिनिअर! त्याची ४-३ रचना साधी होती. पुढचे चौघं समोरच्या धिप्पाड गड्यांना गुंतवून ठेवणार, मागच्या तिघांतला मधला हफ मोकळा राहणार. त्याच वर्षी जायंट्स विजेते ठरले. १९५९ मध्ये, वयाच्या पंचविशीत, हफ ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर झळकला. तोवर सगळं कौतुक गुण मिळवणाऱ्यांच्या वाट्याला जायचं. अडवणाराही हिरो असतो, हे लोकांना हफमुळे दिसलं.

हफ वेस्ट व्हर्जिनियातल्या कोळसा खाणकामगारांच्या वस्तीत वाढला होता. फुटबॉलने त्याला खाणीत जाण्यापासून वाचवलं. १९६८ मध्ये त्याच भागात, फार्मिंग्टनच्या खाणीत स्फोट होऊन ७८ कामगार मेले. अंग झिजवण्याचा हिशेब त्याच्या गावात कुणालाच नवा नव्हता.

१९६४ मध्ये जायंट्सने त्याला वॉशिंग्टनला देऊन टाकलं. तिथे १९६९ मध्ये तो शेवटचं खेळला. १९८२ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेला. पण वॉशिंग्टनमधल्या कित्येक पोरांना तो माहीत होता फक्त आवाजाने. १९७५ पासून २०१२ च्या हंगामापर्यंत तो तिथल्या रेडिओवर सामने समजावून सांगत होता. सोबतीला जुना सहकारी, क्वार्टरबॅक सनी जर्गन्सन. एक आक्रमणाच्या बाजूने बोलणार, दुसरा बचावाच्या.

२०१३ मध्ये हफला डिमेन्शिया असल्याचं निदान झालं. त्याच वर्षी लीगने डोक्याच्या दुखापतींवरून खटला भरलेल्या हजारो माजी खेळाडूंशी तडजोडीचा करार केला. हफच्या आजाराचं खापर मी खेळावर फोडत नाही. २०२१ मध्ये, ८७ व्या वर्षी तो गेला.

ती डॉक्युमेंटरी मी परत लावली. त्या रात्री ज्या आवाजाने अंगावर रोमांच आले होते, त्याच आवाजाला या वेळी मी इयरफोन काढून ठेवले. आता सोमवारच्या कॉलवर मला बोलता येतं. पण कुणी ‘काय जबरदस्त हिट होता’ म्हणालं, की मी आधी विचारतो, तो पोरगा उठला ना?