स्मिता पाटील आणि समांतर चित्रपट : सहकारी भांडवलाच्या संदर्भात एक विचार

प्रस्तावना
शिर्डीपासून जवळच असलेल्या प्रवरानगर येथे विठ्ठलराव विखे पाटील यांच्या पुढाकाराने शेतकऱ्यांच्या भागभांडवलावर साखर कारखाना उभा राहिला. सहकाराने उसाचे आणि दुधाचे अर्थकारण बदलले, हे या परिसराला नव्याने सांगावयास नको. याच तत्त्वावर एका चित्रपटाचेही भांडवल उभे राहिले होते. प्रस्तुत लेखात स्मिता पाटील (१९५५-१९८६) यांच्या कारकिर्दीचा या अंगाने विचार केला आहे.

विवेचन
पुण्यात जन्मलेल्या स्मिता पाटील मुंबई दूरदर्शनवर बातम्या देत असत. श्याम बेनेगल यांच्या 'चरणदास चोर' व 'निशांत' (१९७५) या चित्रपटांनंतर त्यांना 'मंथन' (१९७६) मिळाला. त्यासाठी गुजरातमधील पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये, म्हणजे एकूण दहा लाख रुपये दिले. पटकथा विजय तेंडुलकरांची होती. चित्रपटात सहकारी संस्था तगते. परंतु स्मिता पाटील यांनी साकारलेल्या बिंदूची कोंडी सुटत नाही. स्वतःच्या पैशाने निघालेल्या चित्रपटात शेतकऱ्यांना गावातील जातिभेदाचे आणि स्त्रीच्या परावलंबनाचे अप्रिय चित्रही पाहावे लागले. निर्मात्याची स्तुती न करण्याचे हे स्वातंत्र्य महत्त्वाचे होय.

पुढे हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावर आधारलेल्या 'भूमिका' (१९७७) व जयवंत दळवींच्या कादंबरीवरील 'चक्र' या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. मराठीत जब्बार पटेल यांच्या 'जैत रे जैत' (१९७७) आणि 'उंबरठा' (१९८२) यांतील त्यांच्या भूमिका लक्षणीय ठरल्या. मात्र १९८२ मध्येच 'नमक हलाल' व 'शक्ती' हे व्यावसायिक चित्रपटही प्रदर्शित झाले. एकाच वर्षातील ही दोन टोके पाहता, समांतर चित्रपटाने अभिनेत्रीला प्रतिष्ठा दिली, तरी स्थिर आर्थिक आधाराची व्यवस्था उभी केली नाही, असे म्हणावे लागते. 'मंथन'चा प्रयोग अपवादच राहिला.

निष्कर्ष
१३ डिसेंबर १९८६ रोजी वयाच्या ३१ व्या वर्षी स्मिता पाटील यांचे निधन झाले. २०२४ मध्ये 'मंथन'ची पुनर्संस्कारित प्रत फ्रान्समधील कान महोत्सवात दाखविली गेली. दोन-दोन रुपयांतून उभा राहिलेला चित्रपट जगासमोर पुन्हा आला. परंतु प्रेक्षकच निर्माता होण्याची ती वाट पुढे रुळली नाही. साखर आणि दूध यांसाठी जे सहकाराने साधले, ते कलेसाठी का साधले नाही, हा प्रश्न सहकाराच्या इतिहासकारांनीही विचारात घेणे अगत्याचे आहे.