भोरगिरी ते भीमाशंकर : तीन तासांचा हिशेब

¹ भोरगिरी ते भीमाशंकर तीन तास : मूळ मजकुरात हा आकडा कसा आला ते लेखकाने सांगितलेले नाही. पदभ्रमणाचा वेळ काढण्याचा सर्वांत प्रसिद्ध नियम स्कॉटिश गिर्यारोहक विल्यम नाइस्मिथ यांनी 1892 मध्ये मांडला. दर 3 मैलांना एक तास, शिवाय दर 2,000 फूट चढाईला आणखी एक. म्हणजे ढोबळमानाने 5 किलोमीटर आणि 600 मीटर. वाट 8 किलोमीटर व चढ 300 मीटर धरला, तर 96 मिनिटे अधिक 30, असे जेमतेम दोन तास सहा मिनिटे होतात. पण यात विसावा नाही, फोटो नाहीत, श्रावणातला चिखल तर नाहीच. उताराचाही विचार नाइस्मिथ यांनी केला नव्हता. पुढे एरिक लँगम्युअर यांनी ती दुरुस्ती केली : सौम्य उतारावर वेळ वजा, तीव्र उतारावर उलट अधिक. सह्याद्रीतल्या घसरड्या वाटांना हा दुसरा भाग पुरेपूर लागू पडतो. तेव्हा लेखकाचे तीन तास आम्हाला रास्त वाटतात.

खरी चूक मूळ मजकुरात या आकड्याच्या आधीच्या वाक्यात आहे. भोरगिरीला जाण्यासाठी कुरुळीहून निघण्याची वेळ देताना चाकणचा चौक जमेस धरलेलाच नाही! कारखान्यांची पाळी सुटताना पुणे-नाशिक महामार्गावर जी कोंडी होते, तिला कोणताच नियम लागत नाही. राजगुरुनगर-वाडा मार्गे जाणाऱ्या वाचकांनी पहाटेच निघावे आणि परतीची एसटी आधी विचारून ठेवावी. — संपा.