श्रीमंत करणारी पुस्तकं खरंच श्रीमंत करतात का? परभणीच्या मोंढ्यातून समजून घेऊ

रील उघडलं की एक तरुण टेबलावर पाच पुस्तकं मांडतो आणि सांगतो, ही वाचली नाहीत तर आयुष्यभर नोकरीच करत राहाल. खाली कमेंटमध्ये हमखास एक प्रश्न असतो, "दादा, मराठीत मिळतील का?"

मिळतात. 'रिच डॅड पुअर डॅड', 'द सायकॉलॉजी ऑफ मनी', 'थिंक अँड ग्रो रिच' ही सगळी आता मराठीत आली आहेत. पण ज्याच्या घरी पगार महिन्याला येत नाही, सोयाबीन-कापूस विकल्यावर आणि मग हरभरा निघाल्यावर पैसा येतो, त्या परभणी, सेलू किंवा गंगाखेडच्या वाचकाला यातलं काय उपयोगी पडतं? आणि रीलमध्ये कधीच न दिसणारी मराठी पुस्तकं कोणती? हेच जरा नीट पाहू.

मराठीत पैशावरची पुस्तकं कधीपासून आहेत?

आपल्याला वाटतं, ही लाट गेल्या दहा-पंधरा वर्षांतली आहे. प्रत्यक्षात लोकहितवादी म्हणून ओळखले जाणारे गोपाळ हरी देशमुख यांचं 'लक्ष्मीज्ञान' १८४९ साली प्रसिद्ध झालं. संपत्ती कशी निर्माण होते, हे मराठीत समजावून सांगणारं ते सुरुवातीचं पुस्तक. १८८३ मध्ये महात्मा फुले यांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहून पूर्ण केलं. शेतकऱ्याचा पैसा सारा, सावकार आणि कोर्टकचेरीत कसा जिरतो, याचा तो जमाखर्चच आहे.

म्हणजे 'पैसा कुठे जातो' हा प्रश्न मराठीत पावणेदोनशे वर्षं विचारला जातोय. 'पैसा कसा वाढवायचा' हा त्यामानाने नवा.

बाबासाहेबांच्या पुस्तकाचा आणि परभणीच्या रुपयाचा काय संबंध?

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' हा प्रबंध १९२३ मध्ये लंडनमध्ये पुस्तकरूपात आला. "रिझर्व्ह बँक या पुस्तकावरून स्थापन झाली" अशी पोस्ट दर १४ एप्रिलला फिरते. घटनाक्रम असा आहे: चलनाचा विचार करायला नेमलेल्या हिल्टन यंग आयोगापुढे बाबासाहेबांनी साक्ष दिली. आयोगाने १९२६ मध्ये मध्यवर्ती बँकेची शिफारस केली. १९३४ मध्ये कायदा झाला आणि १ एप्रिल १९३५ रोजी रिझर्व्ह बँक सुरू झाली.

पुस्तकातला मुद्दा आजही कामाचा आहे. तेव्हा रुपया चांदीचा होता. जगात चांदी स्वस्त झाली तशी रुपयाची किंमत घसरत गेली, आणि १८९३ मध्ये लोकांनी चांदी आणून रुपये पाडून घेण्याची सोय सरकारने बंद केली. परदेशी चलनाशी रुपयाचा भाव काय आहे यापेक्षा त्या रुपयात बाजारात काय येतं, हे बाबासाहेबांना महत्त्वाचं वाटत होतं. पुस्तकात त्यांनी सुवर्ण विनिमय पद्धतीची बाजू घेणाऱ्या जॉन मेनार्ड केन्स यांचंही म्हणणं खोडून काढलं. तेव्हा त्यांचं वय जेमतेम तिशीचं होतं.

परभणीत मात्र तेव्हा रुपयाच वेगळा होता. जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात, आणि संस्थानाचं नाणं 'हाली सिक्का'. संस्थान भारतात आल्यावर १९५० मध्ये भारतीय रुपया इथे सुरू झाला, तेव्हा दर ठरला ७ हाली रुपयांना ६ भारतीय रुपये. हाली पूर्ण बंद व्हायला १९५९ उजाडलं. नोटेवरचा आकडा आणि नोटेची किंमत या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हा धडा आपल्या पणजोबांनी पुस्तक न उघडता घेतला होता. महागाई समजून घ्यायची तर सुरुवात इथूनच होते.

मग परदेशी पुस्तकांतून घ्यायचं काय?

बरंच काही आहे. फक्त ते आपल्या जमिनीत रुजवून घ्यावं लागतं.

रॉबर्ट कियोसाकी यांच्या 'रिच डॅड पुअर डॅड'चा (१९९७) गाभा एका ओळीत मावतो: जी वस्तू खिशात पैसे आणते ती संपत्ती, जी खिशातून पैसे काढते ते ओझं. आता हे ट्रॅक्टरला लावून बघा. कर्ज काढून घेतलेला ट्रॅक्टर घरच्या पाच एकरांत वर्षातले थोडेच दिवस चालत असेल, तर हप्ता त्याच्यापेक्षा जास्त वेगाने पळतो. तोच ट्रॅक्टर भाड्याने गावभर चालला, तर घर चालवतो. वस्तू एकच, हिशेब दोन.

पण याच लेखकाबद्दल आणखी एक गोष्ट माहीत असावी. पुस्तकातला 'श्रीमंत बाप' खरोखर होता का, यावर जुना वाद आहे. आणि २०१२ मध्ये कियोसाकींच्या एका कंपनीने अमेरिकेत दिवाळखोरीचा अर्ज केला होता.

नेपोलियन हिल यांच्या 'थिंक अँड ग्रो रिच'चंही (१९३७) तसंच. पोलादसम्राट अँड्र्यू कार्नेगी यांनी आपल्याला यशाचं रहस्य शोधायला सांगितलं, असा हिल यांचा दावा होता. कार्नेगींच्या चरित्रकाराला या भेटीचा पुरावा मिळाला नाही.

याउलट मॉर्गन हाउसेल यांच्या 'द सायकॉलॉजी ऑफ मनी'मधला (२०२०) रोनाल्ड रीड हा खराखुरा माणूस. पेट्रोल पंपावर आणि सफाई कामगार म्हणून नोकरी केलेला. २०१४ मध्ये वारला तेव्हा त्याच्या नावावर सुमारे ८० लाख डॉलर होते. युक्ती काही नव्हती. चांगल्या कंपन्यांचे शेअर घेतले आणि अनेक दशकं हात लावला नाही.

मोंढ्यातला माणूस आणि 'मिस्टर मार्केट'

या विषयावरचं सगळ्यात भक्कम पुस्तक म्हणजे बेंजामिन ग्रॅहॅम यांचं 'द इंटेलिजंट इन्व्हेस्टर' (१९४९). वॉरन बफे यांनी ते वयाच्या १९व्या वर्षी वाचलं आणि पुढे कायम त्याचे उपकार मानले.

ग्रॅहॅम सांगतात, समजा बाजार म्हणजे तुमचा एक लहरी भागीदार आहे. तो रोज दारात येऊन नवा भाव सांगतो. कधी हवेत असतो, कधी खचलेला. तुम्ही रोज त्याच्याशी व्यवहार करायलाच हवा, अशी सक्ती नाही.

मराठवाड्यातल्या वाचकाला हा माणूस ओळखीचा वाटेल. मोंढ्यात सोयाबीनचा भाव सकाळी एक, संध्याकाळी एक. दिवाळीच्या तोंडावर आवक वाढली की भाव पडतो, हे शेतकऱ्याला कळत नाही असं नाही. तरी तो तेव्हाच विकतो, कारण दुकानदाराची उधारी, पीककर्ज आणि सण एकाच वेळी दारात उभे असतात. ज्याच्याकडे चार महिने थांबण्याइतके पैसे आहेत, तोच भागीदाराला "आज नको" म्हणू शकतो.

ग्रॅहॅम ज्याला सुरक्षिततेचं अंतर म्हणतात, ते किमतीबद्दल आहे: वस्तू तिच्या खऱ्या मोलापेक्षा बऱ्याच कमी भावात घ्या, म्हणजे अंदाज चुकला तरी मार कमी बसतो. पण आपल्याकडे त्याच्याही आधीची पायरी हाताशी राखीव रक्कम ठेवण्याची आहे. ती नसेल तर चांगली वस्तूही वाईट वेळी विकावी लागते. शेअर असो की सोयाबीन.

म्हणूनच 'पगाराच्या २० टक्के बाजूला टाका' हा सल्ला इथे जसाच्या तसा चालत नाही. वर्षातून दोनदा पैसा येणाऱ्या घराला आधी पुढच्या पेरणीचा खर्च आणि सहा महिन्यांचा किराणा बाजूला काढावा लागतो. गुंतवणूक त्यानंतर.

एक आकडा पाठ ठेवा: ७२

पैसे दुप्पट व्हायला किती वर्षं लागतील? ७२ ला व्याजदराने भागा. ६ टक्क्यांनी १२ वर्षं, ८ टक्क्यांनी ९ वर्षं. सगळी पुस्तकं हे गुंतवणुकीसाठी सांगतात. पण कर्जालाही हेच गणित लागू आहे. सावकाराचं 'दोन रुपये शेकडा' ऐकायला किरकोळ वाटतं. ते महिन्याचं असतं, म्हणजे वर्षाला २४ टक्के. व्याज थकत मुद्दलात मिळत गेलं, तर ३ वर्षांत कर्ज दुप्पट. कोणताही म्युच्युअल फंड हमखास २४ टक्के देत नाही. त्यामुळे असं कर्ज फेडणं हीच अनेक घरांतली पहिली आणि सर्वांत मोठी गुंतवणूक ठरते.

उद्योजकांची चरित्रं कशासाठी वाचायची?

इथे मराठी कपाट खरंच श्रीमंत आहे. गिरीश कुबेर यांचं 'टाटायन' टाटा घराण्याची गोष्ट सांगतं; त्याच्या इंग्रजी अनुवादाला २०१९ चा गजा कॅपिटल बिझनेस बुक पुरस्कार मिळाला. शंतनुराव किर्लोस्करांचं 'जेट युगातील मराठी माणूस' आहे. विठ्ठल कामतांचं 'इडली, ऑर्किड आणि मी' अनेक मराठी तरुणांनी वाचलेलं पहिलं उद्योजकाचं आत्मचरित्र असतं. कंपन्यांच्या गोष्टी हव्या असतील तर अच्युत गोडबोले आणि अतुल कहाते यांचं 'बोर्डरूम', आणि अर्थशास्त्र समजून घ्यायला गोडबोले यांचंच 'अर्थात'.

शेतकऱ्याच्या घरातल्या वाचकाला सगळ्यात जवळची वाटेल ती लक्ष्मणराव किर्लोस्करांची गोष्ट. बेळगावात सायकलचं दुकान, मग लोखंडी नांगर. लोखंडाने जमीन नासते, असा तेव्हा समज होता. नांगर विकला जाईना. लोकांचा विश्वास बसायला सुमारे दोन वर्षं गेली. पुढे बेळगावातली जागा सोडावी लागली, तेव्हा औंधच्या राजांनी जागा आणि भांडवल दिलं आणि १९१० मध्ये किर्लोस्करवाडी उभी राहिली. या गोष्टीत मेहनत आहेच. पण वेळेवर मिळालेली जमीन आणि पाठीशी उभा राहिलेला राजाही आहे. 'मेहनत करा, यश मिळेल' असं रीलमध्ये ऐकताना हा दुसरा भाग आठवावा.

चरित्रांची एक मर्यादाही आहे. ज्यांचा धंदा बुडाला, त्यांनी सहसा पुस्तक लिहिलं नाही. शंभर जणांनी सारखीच जोखीम घेतली आणि दोघे टिकले, तर आपल्या हातात त्या दोघांची आत्मचरित्रं येतात. शिवाय आजचा आदर्श उद्याही आदर्श राहीलच असं नाही. सत्यम कंपनीला २००८ मध्ये उत्तम कारभारासाठी पुरस्कार मिळाला. ७ जानेवारी २००९ रोजी तिच्या अध्यक्षांनी हिशेबात घोटाळा केल्याची कबुली दिली. म्हणून यशाच्या पुस्तकासोबत अपयशाचंही एक वाचावं. हर्षद मेहता प्रकरणावरचं देबाशिष बसू आणि सुचेता दलाल यांचं 'द स्कॅम' त्यासाठी उत्तम.

पुस्तकं जे सांगत नाहीत

दोन गोष्टी परदेशी पुस्तकांत सापडणार नाहीत.

पहिली, ठेवींची. बँकेतल्या ठेवीला व्याजासह ५ लाख रुपयांपर्यंत विमा असतो. सहकारी बँकांनाही तो लागू आहे. पतसंस्था आणि मल्टिस्टेट पतसंस्थांना मात्र हे कवच नाही. गेल्या काही वर्षांत मराठवाड्यात अशा काही संस्थांमध्ये हजारो लोकांच्या ठेवी अडकल्या. मुलीच्या लग्नासाठी, म्हातारपणासाठी ठेवलेल्या. दर एक-दोन टक्के जास्त दिसला की पाटीवर 'बँक' लिहिलंय की 'पतसंस्था', हे आधी वाचा.

दुसरी, ऑप्शन ट्रेडिंगची. सेबीने सप्टेंबर २०२४ मध्ये अहवाल दिला. २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत वायदे आणि ऑप्शनमध्ये उतरलेल्या १ कोटीहून अधिक वैयक्तिक ट्रेडर्सपैकी ९३ टक्के तोट्यात गेले. एकूण तोटा १.८ लाख कोटींहून जास्त. २०२३-२४ मध्ये यातले ७२ टक्क्यांहून अधिक लोक देशातल्या पहिल्या ३० मोठ्या शहरांबाहेरचे होते, आणि ४३ टक्के तिशीच्या आतले. म्हणजे परभणीसारख्या गावांतली, आपल्या वयाची मुलं.

सुरुवात कुठून करायची?

१. आधी घरचा वर्षाचा जमाखर्च एका वहीत लिहा. हे पुस्तक फुकट आहे.
२. मग 'द सायकॉलॉजी ऑफ मनी'. सोपं आहे, स्वप्नं विकत नाही.
३. नंतर 'अर्थात' आणि एक मराठी चरित्र.
४. शेअर घ्यायचेच असतील तर त्याआधी 'द इंटेलिजंट इन्व्हेस्टर'.
५. 'सल्लागार' म्हणवणाऱ्याचा सेबी नोंदणी क्रमांक तपासा. पुस्तकाची शिफारस करून खाली ट्रेडिंग ॲपची लिंक देणाऱ्याची कमाई लिंकमधून होते, हे लक्षात ठेवा.

सगळी पुस्तकं विकत घ्यायची गरज नाही. जिल्हा ग्रंथालयात आणि तालुक्याच्या सार्वजनिक वाचनालयात चौकशी करा. नसतील तर मागणी नोंदवा. पुस्तक श्रीमंत करेल याची खात्री कुणी देऊ शकत नाही. पण पुढच्या वेळी कुणी "सहा महिन्यांत दुप्पट" म्हणालं, तर ७२ चं गणित आठवेल. वाचनालयाची वर्षाची वर्गणी तेवढ्यानेच वसूल होते.