आमच्या घरची घटिका

आमच्या देवघराच्या फडताळात तांब्याची एक पातळ वाटी आहे. बुडाला सुईच्या टोकाएवढे भोक. लहानपणी मला ती फुटकीच वाटे. शेजारच्या तेलुगू गुरुजींनी मात्र पाहताक्षणी ओळखली. "गडिय!" ते म्हणाले. तेलुगूत घड्याळाला गडियारम म्हणतात. आपले घड्याळ आणि त्यांचे गडियारम, दोन्हींचे मूळ एकच, घटी. आम्हा आदिलाबादकरांना दोन भाषा लहानपणापासूनच येतात, पण हे नाते त्या दिवशी प्रथम कळले.

घंगाळात पाणी भरायचे आणि वाटी वर अलगद सोडायची. भोकातून पाणी चढत जाते आणि चोवीस मिनिटांनी वाटी बुडते. ती एक घटका. अहोरात्रात ती साठ वेळा बुडावी असे सूर्यसिद्धांतात सांगितले आहे. लग्नघरी सूर्यबिंब अर्धे वर आले की जोशीबुवा वाटी सोडत आणि दर बुडीला भिंतीवर कुंकवाचे एक बोट ओढत. अडीच बोटे म्हणजे एक तास.

हे काम करणाऱ्यांचा शहरोशहरी एक वर्गच होता. बाबराने आपल्या आत्मचरित्रात या घडियालींचे वर्णन केले आहे. वाटी बुडली की ते उंच टांगलेल्या पितळी थाळीवर टोले देत. पण टोले फक्त घटकांचे असत, त्यामुळे रात्री मध्येच जाग आलेल्या माणसाला प्रहर कोणता हे कळेना. तेव्हा घटकांमागून प्रहराचेही टोले द्या, असा हुकूम बाबराने सोडला. परमुलखातून आलेल्या बादशहाला ही अडचण सुचावी याची मला मोठी गंमत वाटते.

आमच्या घरी मात्र या वाटीची गंमत कुणी केली नाही. फसली 1344, म्हणजे 1935 सालच्या वैशाखात आत्याचे लग्न झाले. मुहूर्त गोरज. वऱ्हाड पैनगंगेपलीकडून यायचे होते आणि गाड्या नदीच्या वाळूत रुतल्या. इकडे वाटी बुडत होती. वऱ्हाड आले तेव्हा दिवेलागण होऊन गेली होती, तरी जोशीबुवा म्हणाले, "घटका अजून भरायची आहे." लग्न लागले. दीड वर्षात आत्याचे यजमान हिवतापाने गेले. मग गावात कुजबूज सुरू झाली, की जोशीबुवांनी वाटीच्या भोकावर बोट धरले होते. त्यांना लग्नाची आमंत्रणे येईनाशी झाली आणि ते बिऱ्हाड नांदेडकडे निघून गेले. आत्या माहेरी परतली ती कायमची. घरात लग्न निघाले की ती स्वयंपाकघरातून बाहेर येत नसे.

अशीच एक गोष्ट लीलावतीची आहे. भास्कराचार्यांनी मुलीच्या लग्नासाठी वाटी सोडली, ती वाकून पाहताना तिचा मोती आत पडला, भोक बुजले आणि मुहूर्त टळला, ही कथा आपण सारे ऐकत आलो. पण भास्कराचार्यांच्या ग्रंथात ती कुठेच नाही. ती येते फैजीने 1587 साली केलेल्या लीलावतीच्या फारसी भाषांतरात, मूळ ग्रंथानंतर चार शतकांनी. चाळीसगावाजवळच्या पाटण येथील शके 1128 च्या शिलालेखात आचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ स्थापल्याचे कोरले आहे, मुलीच्या दुर्दैवाचा त्यात शब्द नाही. स्वतः आचार्यांनी घटीयंत्राचे वर्णन केले, पण सर्व यंत्रांत श्रेष्ठ मानले ते बुद्धीलाच.

हे वाचल्यावर मला राहवेना. 1994 च्या दिवाळीत मी घंगाळ काढले, मनगटी घड्याळ शेजारी ठेवले आणि वाटी सोडली. चोवीस मिनिटे झाली तरी वाटी तरंगतच. सत्तावीस मिनिटांनी बुडाली. उजेडात धरून पाहिले, तर भोकाच्या कडेला विहिरीच्या पाण्याचा पांढरा क्षार. चिंचेने घासली आणि पुन्हा सोडली, तर साडेतेवीस. म्हणजे सकाळपासून तीस घटका मोजायच्या तर नुसत्या क्षारानेच दीड तास मागे पडायचा. कुणाच्या बोटाची गरज नव्हती.

आणि पंचांगाचे काय? मुंबईची स्थानिक वेळ प्रमाणवेळेच्या सुमारे एकोणचाळीस मिनिटे मागे, आदिलाबादची सोळा. दोन्हींत तेवीस मिनिटांचे अंतर, जवळजवळ एक घटका. मुंबईच्या सूर्योदयापासून मोजलेल्या घटका देशांतर न करता इथे वापरल्या, तर वाटी कितीही शुद्ध असली तरी मुहूर्त एका घटकेने चुकणारच.

आत्या जपमाळ घेऊन उंबऱ्यात बसली होती. मी तिला क्षार दाखवला, मिनिटे सांगितली, मुंबईचा हिशेबही सांगितला. तो बहुधा तिच्या कानांवरून गेला. वाटी तिने हातात घेतली, भोकातून खिडकीकडे पाहिले.

"म्हणजे जोशीबुवांनी नाही धरलं बोट?"

"धरायची गरजच नव्हती, आत्या."

बराच वेळ ती बोलली नाही. मग पदराने वाटी पुसली आणि माझ्या हाती दिली.

"पुन्हा एकदा सोड," ती म्हणाली. "मी मोजते."