पहिली नायिका: अण्णा साळुंके

नाशिकहून मुंबईकडे निघालं की पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक लागतं. दादासाहेबांचं नाव आपल्याला पाठ असतं. पण त्यांच्या पहिल्या चित्रपटातली तारामती कोण होती? बाई नव्हती, एवढं काहींना आठवतं. नाव फारसं कुणी सांगत नाही. अण्णा साळुंके.

१९१२ साली फाळके 'राजा हरिश्चंद्र'साठी नटी शोधत होते. घरंदाज बायकांचं सोडाच, वेश्यावस्तीतल्या बायकांनीही नकार दिला. सिनेमात काम करणं इतकं हलकं, की फाळके आपल्या नटांना सांगत, कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहे म्हणा! शेवटी ग्रँट रोडच्या एका खानावळीत त्यांना एक सडपातळ, नाजूक हातांचा आचारी दिसला. पगार महिना दहा रुपये. फाळक्यांनी पंधरा देऊ केले. ३ मे १९१३ ला कोरोनेशन थिएटरात लोकांनी भारतीय सिनेमाची पहिली नायिका पाहिली, ती ही.

आता गंमत बघा. त्याच १९१३ साली बालगंधर्वांनी स्वतःची नाटक मंडळी काढली. स्त्रीपार्टी नटाला महाराष्ट्र डोक्यावर घेत होता, पण ते सगळं गळ्याच्या जोरावर. मूकपटाला गळा नकोच होता. हात, डोळे, चालणं एवढ्यावर भागायचं. म्हणून आचाऱ्याला संधी मिळाली, असं मला वाटतं.

पुढे फाळके नाशिकला आले. इथं 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या. म्हणजे बायका मिळाल्या होत्या. तरी १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये सीता झाले साळुंकेच. आणि रामही तेच! भारतीय सिनेमातला हा पहिला डबल रोल. विचार केला तर कथाच सोयीची आहे. सीता अशोकवनात, राम समुद्रापलीकडे, दोघं समोरासमोर येणार कशाला? सीतेचे दंड जरा पैलवानी दिसतात, असं म्हणतात. प्रेक्षकांना त्याचं काही नव्हतं. राम दिसला की लोक चपला काढून हात जोडत.

म्हणजे काय, तर एकाच माणसाला लोक राम म्हणूनही नमस्कार करत होते आणि सीता म्हणूनही. आज असा नट असता तर त्याच्या घरासमोर रांगा लागल्या असत्या.

साळुंके मात्र कॅमेऱ्यामागे गेले. अभिनय केला तो जेमतेम पाच चित्रपटांत. छायाचित्रकार म्हणून तीसहून जास्त चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. नटाचं तोंड चार वर्षांत जुनं होतं, हातातली कला टिकते, हे खानावळीतून आलेल्या माणसाला कुणी शिकवायला नको. पंधरा रुपयांवर आलेला माणूस तेव्हा देशात मोजक्याच लोकांना येणारं काम शिकला. मला तारामतीपेक्षा ही गोष्ट मोठी वाटते.

त्यांचं काम १९३१ पर्यंत सापडतं. त्याच मार्चमध्ये 'आलम आरा' आला आणि पडदा बोलू लागला.

'लंकादहन'चा आज एक छोटा तुकडाच उरलाय. पुढच्या वेळी स्मारकाकडे गेलात, तर सोबतच्या पोरांना विचारा, पहिली हिरोईन कोण? उत्तर ऐकून ती हसतील. हसू द्या, पण नाव सांगा.