डफ आणि चिपळ्या : एका परतवाटेचा प्रश्न

यवतमाळ येथे १९७३ साली भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद ग. दि. माडगूळकर यांच्याकडे होते. ‘गीतरामायण’ (१९५५-५६) आणि चित्रपटांतील लावण्या ही एकाच लेखणीची निर्मिती. परंतु हे साहचर्य त्या गौरवाच्या आड आले नाही. मराठी परंपरेत मात्र ते नेहमीच असे निर्वेध नव्हते. माडगूळकरांनी ज्याची पटकथा लिहिली, त्या ‘लोकशाहीर राम जोशी’ (१९४७) या चित्रपटाचा नायकच त्या संघर्षाचा ठळक साक्षीदार होय.

सोलापूरच्या शास्त्रीपुराणिकांच्या घरातील हा तरुण तमाशाच्या फडात रमला, म्हणून घराला पारखा झाला आणि पुढे मोरोपंतांच्या प्रभावाने कीर्तनाकडे वळला, असे परंपरा सांगते. या कथेचे सामान्यतः ‘पतन आणि उद्धार’ असे वाचन केले जाते. ते अपुरे आहे. तमाशाचा आरंभ गणाने, म्हणजे गणेशस्तवनाने होतो. गौळणीत कृष्ण अवतरतो. उलट कीर्तनाच्या उत्तररंगात आख्यान, संगीत आणि अभिनय यांना मोकळा वाव असतो. अर्थात धर्म एका बाजूला आणि कला दुसऱ्या बाजूला, अशी येथे विभागणीच नाही. आक्षेपाचा रोख आशयापेक्षा प्रयोगाच्या स्थळावर, सादरकर्त्याच्या जातीवर आणि विशेषतः स्त्रीदेहाच्या जाहीर दर्शनावर होता.

पठ्ठे बापूराव (१८६६-१९४५) यांचे उदाहरण हे स्पष्ट करते. रेठरे हरणाक्षच्या या श्रीधर कृष्णाजी कुलकर्ण्यांनी पवळा या महार कलावतीची साथ धरली आणि वतनदार ब्राह्मणाची प्रतिष्ठा गमावली. राम जोशींना कीर्तनाची परतवाट होती. बापूरावांनी ती धरली नाही. पवळेला तर मुळात अशी वाटच उपलब्ध नव्हती.

स्वातंत्र्याच्या सुमारास बाळासाहेब खेर यांच्या मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी घातली. यवतमाळ तेव्हा मध्यप्रांत-वऱ्हाडात असल्याने त्या बंदीच्या कक्षेबाहेर राहिले. बंदी उठली, ती संहिता तपासून घेण्याच्या अटीवर. धर्मनीतीची जागा अशा रीतीने शासकीय सदभिरुचीने घेतली. शाहिराच्या शब्दाला शुद्ध होऊन साहित्यात प्रवेश मिळाला. तो शब्द ज्या देहांनी जिवंत ठेवला, त्यांच्या वाट्याला मात्र कलंक उरला. लावणीच्या वाङ्मयेतिहासाने ही विषमता आपल्या विवेचनाच्या केंद्रस्थानी आणावयास हवी.